बगळ्यांचे बिऱ्हाड

संध्याकाळी अंबडच्या औद्योगिक वसाहतीत दिवसपाळी सुटते. कारखान्यांच्या फाटकांतून मोटारसायकलींचे लोंढे बाहेर पडतात, चौकातल्या वडापावच्या गाड्यांभोवती गर्दी होते आणि त्याच सुमारास डोक्यावर दुसरी एक पाळी सुटलेली असते. पाथर्डीच्या बाजूने, पांडवलेण्याच्या डोंगराला वळसा घालून बगळ्यांच्या माळा येऊ लागतात. एका माळेत पंधरा, दुसरीत वीस, कधी चाळीसही. सिडकोच्या गच्च्यांवरून, पाण्याच्या टाक्यांवरून, मोबाईलच्या मनोऱ्यांना टाळत त्या शहराकडे जातात. खाली सहसा कोणी मान वर करून पाहत नाही. मी पाहतो, कारण बँकेतून निवृत्त झालेल्या माणसाला संध्याकाळी सहा वाजता कुठेच वेळेवर पोचायचे नसते. शिवाय ह्या माळांशी माझे एक जुने देणे आहे. त्याचा हिशेब पुढे येईलच.

आज बगळ्यांवर लिहायचे कारण मात्र जुने नाही. २०२५ च्या नोव्हेंबरात नाशिकच्या तपोवनातल्या झाडांना नोटिसा लागल्या. सिंहस्थासाठी साधुग्राम उभारायचे, म्हणून सतराशे-अठराशे झाडे काढण्याचा प्रस्ताव होता. मोठी, जुनी झाडे राखू, बदल्यात कितीतरी पट नवी लावू, असे सांगितले गेले. लोकांचा विश्वास बसला नाही. शाळकरी मुलांपासून नटांपर्यंत माणसे झाडांना मिठ्या मारायला गेली आणि डिसेंबरात राष्ट्रीय हरित लवादाने तोडीला अंतरिम स्थगिती दिली. त्या दिवसांत मी वर्तमानपत्रे वाचत होतो आणि मला राहून राहून एक विचित्र योगायोग जाणवत होता. साधूंच्या बिऱ्हाडासाठी झाडे काढायची की नाहीत, असा हा वाद; आणि झाडावर बिऱ्हाड करणाऱ्या ज्या पक्ष्याला आपल्या भाषेने पिढ्यान्‌पिढ्या ढोंगी साधू ठरवले, त्याचे नावही त्या वादात कोणी घेत नव्हते.

कोणता बगळा?

आपण सरसकट 'बगळा' म्हणतो, पण नाशिक परिसरात पांढऱ्या बगळ्यांच्या चार जाती सहज दिसतात. सर्वांत ओळखीचा तो गायबगळा. ठेंगणा, आखूड मानेचा, पिवळ्या चोचीचा. एरवी पांढराशुभ्र, पण विणीचे दिवस आले की डोके, छाती आणि पाठ केशरी होते. जणू कोणी हळदीचा हात लावला आहे. दुसरा लहान बगळा. चोच काळी, पाय काळे आणि पायांचे पंजे मात्र पिवळेधमक. उथळ पाण्यात पिवळा पंजा हलवून तो मासळीला हुसकावतो आणि टिपतो. तिसरा मध्यम बगळा आणि चौथा मोठा बगळा. मोठ्या बगळ्याची मान इतकी लांब, की मध्येच तिला मोडल्यासारखा बाक दिसतो. हा बाक म्हणजे त्याच्या शिकारीचे यंत्र आहे. मानेतला एक मणका लांब असतो, त्यामुळे दुमडलेली मान धनुष्यासारखी सुटते. उडताना सगळे बगळे मान दुमडून घेतात. करकोचे आणि क्रौंच ती ताणून धरतात. आकाशातल्या आकाशात ओळखण्याची ही सोपी खूण.

गायबगळ्याची गोष्ट तर एखाद्या कादंबरीची आहे. गाई-म्हशी चरताना गवतातले नाकतोडे, किडे, बेडक्या उडतात, ते हा टिपतो. एकट्याने हिंडण्यापेक्षा गुरांमागे हिंडले तर कमी पावलांत जास्त खाणे मिळते, असे अभ्यासकांनी मोजून दाखवले आहे. म्हणजे हा पक्षी गुरांच्या जिवावर जगणारा आहे आणि गुरे जिकडे, तिकडे तोही. १८७७ च्या सुमारास आफ्रिकेतले काही गायबगळे अटलांटिक महासागर ओलांडून दक्षिण अमेरिकेत पोचले. कोणी नेले नाही, आपले आपण. माणसाने तिथली जंगले तोडून गुरांसाठी कुरणे केली होती; बगळ्यांना आयते घर मिळाले. १९४१ मध्ये ते अमेरिकेतल्या फ्लोरिडात दिसले आणि १९५३ मध्ये तिथे त्यांची घरटी सापडली. पासपोर्ट नाही, व्हिसा नाही. आपल्याकडचा पूर्वेकडचा गायबगळा ही निराळी जात आहे, असे आता शास्त्रज्ञ मानतात. तिच्या शास्त्रीय नावात आपला कोरोमंडल किनारा आहे.

निफाड तालुक्याकडे जाताना मला हल्ली हे बगळे बैलांमागे फारसे दिसत नाहीत. बैलच कमी झाले. आता ते ट्रॅक्टरच्या नांगरामागे चालतात. पाथर्डीच्या खतप्रकल्पाकडे मी त्यांना कचऱ्याच्या ढिगांवर, जेसीबीच्या दाढेपासून चार हातांवर निवांत उभे असलेले पाहिले आहे. कचऱ्यावर माश्या असतात. यंत्राला ते गायच समजत असावेत. बदललेल्या काळाशी जुळवून घेणारा ह्याच्यापेक्षा हुशार पक्षी शोधून सापडणार नाही. म्हणूनच 'बगळ्यांना काय धाड भरली आहे, ते कुठेही राहतात' असे आपल्याला वाटते. खायला ते कुठेही जातात हे खरे. पण घरटे कुठेही करत नाहीत. त्याला झाड लागते. मोठे, डेरेदार आणि जुने.

आरोपपत्र आणि साक्षी

बगळ्यावर आपल्या संस्कृतीने दाखल केलेले आरोपपत्र मोठे आहे. पंचतंत्रातला म्हातारा बगळा तळे आटणार असल्याची थाप मारून मासे एकेक करून नेतो आणि खातो; शेवटी खेकडा त्याची मान कातरतो. मनुस्मृतीत नजर खाली लावून, नम्रतेचा आव आणून आपला स्वार्थ साधणाऱ्याला 'बकव्रती' म्हटले आहे. 'बकध्यान' हा शब्द आपण पुढाऱ्यांसाठी वापरतो, आणि बँकेत असताना मी काही कर्जदारांसाठीही वापरला आहे. कपाळाला गंध, हातात जपमाळ आणि खाते सदा थकबाकीत, असे नमुने प्रत्येक शाखेत असतात. पक्षिनिरीक्षकांच्या यादीत भुऱ्या बगळ्याचे, म्हणजे आपल्या ढोकरीचे, एक मराठी नावच 'वंचक' आहे. एक संस्कृत सुभाषित तर थेट रामाला साक्षीला बोलावते. पंपा सरोवराच्या काठी हळूहळू पाऊल टाकणारा बगळा पाहून राम लक्ष्मणाला म्हणतो, बघ, हा किती धार्मिक, जीवजंतू चिरडू नयेत म्हणून जपून चालतो. त्यावर पाण्यातला मासा उत्तर देतो, की सोबत राहणाऱ्यालाच शेजाऱ्याचे खरे शील कळते. ह्याने माझे कूळ संपवले.

मात्र बचावाचे साक्षीदारही ह्याच परंपरेत आहेत, फक्त त्यांना आपण बोलावत नाही. विद्यार्थ्याची लक्षणे सांगताना आपल्या पूर्वजांनी बगळ्याचे ध्यान गुण म्हणून सांगितले. चाणक्यनीतीत बगळ्याकडून इंद्रियनिग्रह शिकावा असे आहे. महाभारताच्या वनपर्वात तळ्याकाठी चार पांडव मरून पडतात, तेव्हा युधिष्ठिराला प्रश्न विचारणारा यक्ष आधी स्वतःची ओळख 'मी बगळा' अशी देतो, आणि कथा संपताना तो प्रत्यक्ष धर्म असल्याचे कळते.

शांतिपर्वातली एक गोष्ट फारशी सांगितली जात नाही. गौतम नावाचा एक दरिद्री ब्राह्मण भटकत एका वडाखाली येतो. त्या वडावर राजधर्मा नावाचा बगळ्यांचा राजा राहत असतो. तो पाहुण्याचे आदरातिथ्य करतो, पंखांनी वारा घालतो आणि आपल्या मित्राकडे, एका राक्षसराजाकडे, धाडून त्याला सोने मिळवून देतो. सोन्याचे ओझे घेऊन गौतम परत त्याच वडाखाली येतो. वाटेत खायला काय, ह्या चिंतेने तो रात्री आपल्याला सोने मिळवून देणाऱ्या त्या झोपलेल्या बगळ्यालाच मारून सोबत घेतो. राक्षसराजा त्याला पकडून देहदंड देतो. पण राक्षससुद्धा त्याचे मांस खायला तयार होत नाहीत. सगळ्या पापांना प्रायश्चित्त आहे, कृतघ्नतेला नाही, असे भीष्म सांगतात. पुढे बगळा पुन्हा जिवंत होतो आणि इंद्राकडे पहिले मागणे मागतो ते गौतमाला जिवंत करण्याचे. पंचतंत्रातला बगळा आपण मुलांना शिकवला आणि महाभारतातला विसरलो. मासे खाणारा पक्षी मासे खाण्यासाठी स्तब्ध उभा राहतो, ह्यात ढोंग कसले? ढोंग करायला आधी एक बोलून दुसरे करावे लागते. ते करणारा प्राणी पृथ्वीवर एकच आहे.

लहान मुलांना हा वाद माहीत नसतो. बगळ्यांची माळ दिसली की हाताची नखे आकाशाकडे करून कवडी मागायची, हा खेळ आपण सगळे खेळलो आहोत. नखावर पांढरा ठिपका दिसला की बगळ्याने कवडी दिली. डॉक्टर म्हणतात, नखाच्या मुळाला लागल्याची ती खूण. असेल. पण ज्या पक्ष्याकडे आपली लेकरे हात पसरतात, तो सगळाच वाईट कसा असेल?

सोन्याहून महाग पिसे

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस युरोप-अमेरिकेतल्या बायकांच्या टोप्यांवर बगळ्यांचे तुरे झुलू लागले. विणीच्या दिवसांत बगळ्याच्या पाठीवर जाळीदार, रेशमासारखी पिसे येतात. ती फक्त तेव्हाच येतात. म्हणून शिकारी घरट्यांच्या वसाहतींवरच जात. पिल्ले घरट्यात असली की आई-बाप जागा सोडत नाहीत; नेम चुकायचा प्रश्न नाही. मोठ्यांची पिसे उपटली जात आणि पिल्ले वर उपाशी मरत. १९०३ च्या सुमारास ह्या पिसांना वजनाला सोन्यापेक्षा जास्त भाव होता.

आपला देशही ह्या बाजारात होता. सिंध तेव्हा मुंबई इलाख्यात होता, १९३६ पर्यंत. तिथे बगळे पाळून वर्षातून अनेकदा त्यांची पिसे काढण्याचा धंदा चाले. बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या नियतकालिकात १९१४ मध्ये त्यावर लेखही आला होता. सरकारने रानपक्ष्यांच्या पिसांच्या निर्यातीवर १९०२ मध्येच बंदी घातली होती, पण मागणी असते तोवर वाटा निघतात.

मागणी थांबवली ती बायकांनीच. इंग्लंडमध्ये एमिली विल्यमसन ह्यांनी १८८९ मध्ये पिसे न वापरण्याची शपथ घेणाऱ्या बायकांची संस्था काढली. तिच्यातूनच आजची रॉयल सोसायटी फॉर द प्रोटेक्शन ऑफ बर्ड्‌स उभी राहिली. १८९६ मध्ये बोस्टनमध्ये हॅरिएट हेमनवे आणि मिना हॉल ह्या दोघींनी चहाच्या निमंत्रणांतून मैत्रिणींना टोप्या उतरवायला लावल्या. फ्लोरिडात बगळ्यांच्या वसाहती राखणारा गाय ब्रॅडली हा पहारेकरी १९०५ मध्ये गोळी लागून मेला. ब्रिटनमध्ये पिसांच्या आयातीवर बंदी आणणारा कायदा झाला तो १९२१ मध्ये. अमेरिकेतल्या ऑडुबॉन सोसायटीचे बोधचिन्ह आज उडणारा मोठा बगळा आहे.

ह्या साऱ्यात मला महत्त्वाचे वाटते ते हे, की त्या बायकांनी आधी सरकारकडे बोट दाखवले नाही. आधी आपली टोपी उतरवली. म्हणून आता मलाही माझी टोपी उतरवली पाहिजे.

माझी सही

१९९४ साली मी अंबडला बँकेच्या शाखेत अधिकारी होतो. शाखा भाड्याच्या इमारतीत होती आणि तिच्या आवारात चिंचेचे एक मोठे झाड होते. कारखाने येण्याआधी तो शेताचा बांध होता. शेत गेले, बांध गेला, चिंच तेवढी राहिली. पहिला पाऊस झाला की तिच्यावर बगळे येत. शे-सव्वाशे तरी. काटक्यांची ओबडधोबड घरटी, त्यांत निळसर फिकी अंडी, मग पिल्लांची दिवसभर चाललेली कटकट. झाडाखाली स्कूटर लावायची सोय नव्हती. सीटवर, हँडलवर, कधी ग्राहकाच्या डोक्यावर पांढरे शिंतोडे पडत. अर्धवट गिळलेली मासोळी वरून पडे. दुपारी वास असा, की रोखपालाने खिडकी बंद करून पंख्याखाली बसावे. कारखानदार तक्रार करत. 'साहेब, तुमच्या बँकेत यायचं म्हणजे छत्री घेऊन यावं लागतं.'

जूनअखेरीला शाखाधिकारी रजेवर गेले आणि कार्यभार माझ्याकडे आला. मी कामाचा माणूस होतो. दोन दिवसांत फांद्या छाटण्याचा अर्ज तयार केला, सुरक्षिततेचे कारण घातले आणि सही ठोकली. परवानगीचा शिक्काही लगेच मिळाला.

आदल्या दिवशी एक म्हातारे बाबा पेन्शनीच्या पासबुकावर नोंद करून घ्यायला आले होते. त्यांची जमीन संपादनात गेलेली. नुकसानभरपाईची रक्कम एके काळी ह्याच शाखेत ठेवलेली. झाडाखाली दोर आणि कोयते पाहून ते आत आले आणि माझ्या टेबलापाशी उभे राहिले.

'साहेब, बाळंतिणीला कुनी घराभाईर काढतं का? दोन महिने थांबा. ती आपली आपन जातील.'

मी म्हणालो, 'बाबा, ऑर्डर निघालीय.'

ते थोडा वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, 'आमाला जागा सोडायला नोटीस तरी आलती.'

दुसऱ्या दिवशी सकाळी मजूर आले. दुपारी बारापर्यंत चिंचेचा खराटा झाला. खाली किती पिल्ले पडली ते मी मोजले नाही. नोटा मोजण्यात आयुष्य गेलेल्या माणसाने ते मोजायचे टाळले, हे मी आज लिहून ठेवतो. काही लगेच मेली, काही मान वेडीवाकडी करून चोची उघडत होती. वर आई-बाप घिरट्या घालत होते, पण खाली उतरत नव्हते. घरट्याबाहेर पडलेल्या पिल्लाला बगळे सहसा भरवत नाहीत, हे मला पुढे पुस्तकांतून कळले. आमच्या शिपायाने एक पिल्लू व्हाउचरच्या रिकाम्या खोक्यात ठेवले आणि बाजारातून बोंबील आणून भरवायचा प्रयत्न केला. तिसऱ्या दिवशी खोके रिकामे झाले. त्याने मला काही सांगितले नाही. मीही विचारले नाही. स्कूटरी मात्र त्या पावसाळ्यात स्वच्छ राहिल्या.

बाबांचे गणित नेमके होते. बगळ्यांची अंडी उबायला साडेतीन आठवडे लागतात आणि पिल्ले पुरती उडती व्हायला आणखी महिना-सव्वा महिना. दोनच महिने. मला एवढीच मुदतवाढ मंजूर करायची होती. कितीतरी बुडीत खात्यांना ह्याहून लांब मुदती मी दिल्या होत्या.

बाळंतपणाचे दिवस

ही माझ्या एकट्याची चूक असती तर ती मी घरच्या घरी भोगली असती. पण ती दर वर्षी शहरोशहरी होते आणि तिला नाव असते 'मान्सूनपूर्व कामे'. वादळात फांदी पडू नये, वीज तुटू नये म्हणून छाटणी हवीच. पण ती मे संपता संपता सुरू होते आणि जून-जुलैपर्यंत रेंगाळते. नेमका तोच बगळ्यांच्या विणीचा काळ. कालिदासाला हे ठाऊक होते. मेघदूतात गर्भधारणेच्या काळी माळा करून मेघाची सेवा करणाऱ्या बलाका आहेत. आपल्या बालकवींच्या 'श्रावणमासी'तही बलाकमाला आहे. पाऊस आणि बगळे ह्यांचे नाते कवींना कळले, छाटणीच्या वेळापत्रकाला कळले नाही.

कायदा मात्र कवींच्या बाजूचा आहे. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यात 'शिकार' ह्या शब्दाच्या व्याख्येतच रानपक्ष्यांची अंडी नासवणे आणि घरटी हलवणे येते. म्हणजे बंदूक न उचलता, नुसत्या सहीनेही शिकार होते. राज्याच्या १९७५ च्या झाडांविषयीच्या कायद्यात २०२१ मध्ये दुरुस्ती झाली. पन्नास वर्षे किंवा त्याहून जुन्या झाडाला वारसा-वृक्ष मानायचे आणि तोडलेल्या झाडाचे जितके वय तितकी नवी झाडे लावायची, असे ठरले. कागदावर हे उत्तम आहे. पण मी बँकेचा माणूस. ज्याला आमच्या भाषेत 'अज्ञान' म्हणतात, त्या वयाच्या मुलाला आम्ही जामीनदार म्हणून घेत नाही. आणि अशी पन्नास मुले एकत्र आणली तरी त्यांचा मिळून एक सज्ञान जामीनदार होत नाही. रोपाच्या काठीवर बगळा घरटे करू शकत नाही. ते रोप वाढून डेरेदार होईपर्यंत बगळ्यांच्या कितीतरी पिढ्यांनी कुठे जायचे, ह्याची तरतूद कोणत्याच ताळेबंदात नाही.

दुसरी बाजूही पाहिली पाहिजे. झाडाखाली राहणाऱ्या माणसाचा त्रास खोटा नाही. तो मी वास घेऊन भोगला आहे. सिंहस्थाला येणाऱ्या लाखो लोकांना निवारा, पाणी, शौचालये लागणार, हेही खरे. ह्या वेळच्या मुख्य पर्वण्या २०२७ च्या ऑगस्ट-सप्टेंबरात ठरल्या, म्हणजे ऐन पावसाळ्यात, बगळ्यांच्याही घरट्यांच्या दिवसांत. दोघांचे बिऱ्हाड एकाच वेळी पडणार. तेव्हा प्रश्न साधू की बगळे असा नाही. आपण नियोजन करताना कोणाकोणाला मोजतो, असा आहे.

आणि ह्यातले फारसे काही अवघड नाही. छाटणी दिवाळीनंतर सुरू करून एप्रिलअखेर संपवावी. घरटी असलेल्या झाडांची नोंद वॉर्डावॉर्डात ठेवावी. पावसाळ्यात त्या झाडांखाली वाहने लावू नयेत, वाटसरूंसाठी चार पत्रे किंवा जाळी टाकावी. धोक्याची एखादी फांदी काढावीच लागली तर तेवढीच काढावी. कर्नाटकात मंड्या जिल्ह्यातल्या कोक्करे बेल्लूर गावात चिंचेच्या झाडांवर चित्रबलाक आणि झोळीवाले पक्षी घरटी करतात. लोक त्यांना बाळंतपणाला आलेल्या लेकींसारखे मानतात आणि झाडाखालचे खत शेतात घालतात. तमिळनाडूत वेदांतंगलच्या तळ्यावरचे पक्षी गावकऱ्यांनी जपले. त्यांना कोणी मारू नये असा हुकूम तिथल्या इंग्रज कलेक्टराकडून १७९८ मध्ये निघाला होता. विष्ठेने समृद्ध झालेले तळ्याचे पाणी पिकाला चांगले, हे त्या शेतकऱ्यांना कोणी प्रयोगशाळेतून सांगितले नव्हते. अंबडच्या बाबांनी मला जे सांगितले ते हेच. फरक इतकाच, की तिथे ऐकणारे होते.

आपल्याकडेही अभिमान बाळगावा असे आहे. गोदावरी आणि कादवा जिथे भेटतात ते नांदूर मध्यमेश्वर जानेवारी २०२० मध्ये महाराष्ट्रातले पहिले रामसर स्थळ ठरले. सुट्टीत तिथे दुर्बीण घेऊन जाणारी कुटुंबे पाहून बरे वाटते. पण पक्षी फक्त अभयारण्यात असावेत आणि शहरात फक्त त्यांचे फोटो असावेत, अशी वाटणी बगळ्यांना मान्य नाही. ते आपल्यात राहायला आले आहेत.

अंबड-सातपूरच्या शेजारून नंदिनी वाहते. जुने लोक तिला नासर्डी म्हणतात. कारखान्यांचे आणि घरांचे सांडपाणी पोटात घेऊन ती टाकळीला गोदावरीला मिळते. त्याच संगमावर समर्थ रामदासांनी बारा वर्षे पाण्यात उभे राहून जप केला, असे परंपरा सांगते. परवा तिथे गेलो तेव्हा काळसर पाण्यात एक लहान बगळा एका पायावर उभा होता. अगदी स्तब्ध. त्याला ढोंगी म्हणायची माझी हिंमत झाली नाही. त्या पाण्यात पाय घालून उभे राहणे माझ्याने झाले नसते.

माझी नात सोबत होती. बगळा उडाला तशी तिने नखे वर करून कवडी मागितली आणि मग विचारले, 'आजोबा, हे रात्री झोपायला कुठे जातात?'

पूर्वी मला एक पत्ता माहीत होता. तो देता आला नाही. मला आठवला तो तळ्याकाठचा यक्ष. आधी माझ्या प्रश्नाचे उत्तर दे, मग पाणी पी, असे त्याने एकेका पांडवाला बजावले होते. चौघांना घाई होती. त्यांनी उत्तर न देताच पाणी प्यायले आणि जागच्या जागी पडले. अंबडच्या त्या टेबलापाशी मीही असाच घाईत होतो.

'शोधू या,' मी नातीला म्हणालो. येत्या पावसाळ्यात आम्ही दोघे वही घेऊन बगळ्यांची झाडे मोजायला निघणार आहोत. सुरुवात अंबडपासून करू. आणि ह्या वेळी एकही मोजायचे सोडणार नाही.